जागेचे मागणे : आटपाट नगराचे तळे आणि सोन्नलिगेचा सिद्धराम

अद्भुतकथेत एखादी जागा असते, जिच्याजवळ जाण्यास माणसे भितात आणि जिच्यावाचून त्यांचे चालतही नाही. तो डोह असेल, दरी असेल किंवा काही केल्या पाणी न लागणारे तळे असेल. अशा भयस्थळाचा विचार समीक्षेत प्रायः दोन वाटांनी होतो. एक वाट त्याला पार्श्वभूमी मानते : नायकाच्या धैर्याची कसोटी लागावी म्हणून कथेने उभा केलेला अडथळा. दुसरी वाट त्याला प्रतीक मानते : डोह म्हणजे नेणीव, दरी म्हणजे मृत्यू. दोन्ही वाटांनी काही हाती लागते, हे नाकारण्याचे कारण नाही. परंतु दोहोंतही जागेचे स्वतःचे बोलणे ऐकावयाचे राहून जाते. मराठी आणि कन्नड यांच्या सीमेवरील कथापरंपरेत तर ही जागा अक्षरशः बोलते. ती मागते. तिचे मागणे कोण ऐकतो, ते कोण पुरे करतो आणि कोणाच्या शरीराने पुरे करतो, या तीन प्रश्नांची उत्तरे वेगवेगळी असतात. कथेचा सारा अर्थ या वेगळेपणात साठलेला असतो, असे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे.

या प्रतिपादनासाठी सोलापूरचा परिसर विशेष सोयीचा आहे. अक्कलकोट आणि दक्षिण सोलापूर या तालुक्यांत मराठी व कन्नड या दोन्ही भाषा घराघरांतून नांदतात. पाऊस बेभरवशाचा असल्यामुळे तळे ही येथे शोभेची वस्तू नसते, गावाच्या अस्तित्वाची ती पहिली अट असते. शिळासप्तमीची मराठी कहाणी, ‘केरेगे हार’ हे कन्नड कथागीत आणि सोलापूरच्या सिद्धरामाची चरित्रकथा या तिन्ही संहिता या टापूतील श्रोत्याच्या कानावर पडू शकतात. त्या एकमेकींशेजारी ठेवून वाचल्या, तर एकीने विचारलेल्या प्रश्नाला दुसरी उत्तर देत आहे असे दिसू लागते.

आरंभी एका सैद्धांतिक अडचणीचा निर्देश करावयास हवा. त्झ्वेतान तोदोरोव्ह यांनी १९७० साली अद्भुत साहित्यप्रकाराची जी मीमांसा मांडली, तिच्या केंद्रस्थानी वाचकाची द्विधा अवस्था आहे. समोर घडलेली घटना निसर्गनियमांत बसणारी आहे की त्यांपलीकडची, याचा निर्णय जोवर होत नाही तोवरच ही विशिष्ट अवस्था टिकते. निर्णय एका बाजूला झाला की कथा केवळ विलक्षणाच्या प्रांतात जाते, दुसऱ्या बाजूला झाला की निखळ अद्भुताच्या. या कसोटीवर व्रतकथा पहिल्याच वाक्याला निकालात निघते. आटपाट नगरात जलदेवता बोलल्या याचे कोणालाच आश्चर्य वाटत नाही, राजाला नाही आणि श्रोत्यालाही नाही. मग या कथांमध्ये द्विधा अवस्था मुळी नसतेच, असे म्हणावयाचे काय? ती असते, परंतु तिचे स्वरूप ज्ञानात्मक नसून नैतिक असते. ‘हे खरोखर घडले काय’ असा संशय येथे कोणी घेत नाही. ‘हे घडू द्यावयास हवे होते काय’ हा संशय मात्र कथा संपल्यानंतरही निवत नाही.

आटपाट नगर हे मराठी मनाने निर्मिलेले सर्वांत परिचित कल्पित विश्व होय. त्याला अक्षांश-रेखांश नाहीत, त्याच्या राजाला नाव नाही, त्याचा शक कोणता हे कोणी विचारत नाही. जे. आर. आर. टोल्किन यांनी परीकथांविषयीच्या आपल्या १९३९ च्या व्याख्यानात ‘दुय्यम विश्वा’ची संकल्पना मांडली. स्वतःच्या नियमांनी चालणारे आणि म्हणून आतून विश्वसनीय असणारे विश्व, असा तिचा आशय आहे. आटपाट नगर हे असे विश्व आहे खरे, परंतु त्याच्या भिंती पातळ आहेत. शिळासप्तमीच्या कहाणीत तळ्याच्या काठी ठेवावयाच्या वस्तूंत काकडीचे पान, दहीभात, लोणचे आणि सुपारी यांच्याबरोबर एक शिवराईही येते. कालातीत नगरात मराठेशाहीचे नाणे चालते, हा कथनातील दोष नव्हे. ऐकणारीच्या घरातील वस्तू कथेत शिरू शकतात, याचा अर्थ कथेतील धोकाही तिच्या घरात शिरू शकतो.

कहाणीचे कथानक थोडक्यात असे : राजा गाव वसवितो, तळे बांधतो, परंतु तळ्याला पाणी लागत नाही. जलदेवतांची प्रार्थना होते. त्या प्रसन्न होतात आणि सुनेच्या थोरल्या मुलाचा बळी मागतात. सून या गोष्टीस कबूल होणार नाही, हे राजा जाणून असतो. म्हणून तो तिला माहेरी पाठवितो आणि मुलाला ठेवून घेतो. मुलाला न्हाऊमाखू घालून, जेवू घालून, दागिन्यांनी नटवून, पलंगावर निजवून तळ्याच्या मध्यभागी ठेवले जाते. तळे भरते. पुढे सून भावासह सासरी परतत असते. सासऱ्याच्या तळ्याला पाणी लागल्याचे ऐकून ती पाहावयास जाते. दिवस श्रावण शुद्ध सप्तमीचा असतो. ती आपला वसा आठवते, पूजा करते, आपल्या वंशातील कोणी पाण्यात बुडाले असेल तर ते परत मिळावे अशी प्रार्थना करते. पाण्यातून कोणी तिचे पाय ओढू लागते. पाहते तो तिचाच मुलगा. त्याला कडेवर घेऊन ती घरी येते, तेव्हा राजा तिचे पाय धरतो आणि बळी दिल्याची गोष्ट तिला प्रथमच सांगतो.

या कथानकातील भयाची रचना बारकाईने पाहण्यासारखी आहे. तळे भयंकर आहे ते त्याच्या खोलीमुळे नव्हे, कारण मागणे येते तेव्हा त्यात पाणीच नसते. त्याचे कोरडेपण हेच त्याचे भय होय. दुसरे असे की, श्रोत्याला सारे ठाऊक असते आणि सुनेला काहीच ठाऊक नसते. ज्या पाण्याचे तिला कौतुक वाटते त्या पाण्याची किंमत तिनेच मोजलेली आहे, हे तिच्याखेरीज सर्वांना माहीत आहे. तिची प्रार्थनाही त्यामुळे दुहेरी होते. तिच्या तोंडी ती व्रतातील नेहमीचे शब्द आहे, श्रोत्याच्या कानी ती अजाणता केलेली फिर्याद आहे. कथेतील नैतिक द्विधा अवस्था निर्माण होते ती ज्ञानाच्या या विषम वाटणीतून. मुलगा परत मिळाल्याने तळ्याचा हिशेब मिटतो. राजाचा मिटतो काय? त्याने सुनेचे पाय धरावे एवढे कथेने घडविले आहे. पाण्याखालून मुलगा पाय ओढतो आणि जमिनीवर सासरा पाय धरतो, या दोन क्रियांच्या शेजारणीने कथेने जे म्हणावयाचे ते म्हटले आहे. उपदेशाचे एकही वाक्य तिला त्यासाठी लागलेले नाही.

‘केरेगे हार’ या कन्नड कथागीतात हेच बीज वेगळ्या दिशेने वाढते. तळ्याला दिलेली आहुती असा शीर्षकाचा अर्थ. कल्लनकेरीचा मल्लनगौडा तळे बांधतो, पाण्याचा थेंब दिसत नाही, पोथी उघडली जाते आणि सुनेचा बळी सांगितला जातो. थोरली सून दिली तर घराचा कारभार अडेल, म्हणून धाकट्या भागीरथीवर निवड येते. येथे देवता स्वतः बोलत नाही, पोथी बोलते, आणि पोथीचे बोलणेही घरातील सोयीप्रमाणे वळविले जाते. भागीरथीला मात्र सर्व कळलेले असते. ती माहेरी जाते. आईबापांना खरे सांगत नाही, घर वेगळे करणार आहेत एवढेच सांगते. मैत्रिणीला तेवढे खरे सांगते, आणि मैत्रीणही तिला देतील तर जावे असेच सांगते. पूजा आटोपून मंडळी परतू लागतात तेव्हा सोन्याची वाटी तळ्यात विसरल्याचे लक्षात येते. ती आणावयास भागीरथी पुन्हा पायऱ्या उतरते, आणि पायरीपायरीने पाणी चढत जाते. नवरा मादेवराय शिपाईगिरीवर असतो. तो परततो, घरोघर खोटी उत्तरे ऐकतो, शेवटी मैत्रिणीकडून खरे ऐकतो आणि त्याच तळ्यात उडी घेतो.

कहाणीत अज्ञान होते आणि परतफेड होती. गीतात ज्ञान आहे आणि परतफेड नाही. हे केवळ सुखान्त आणि शोकान्त असे अंतर नव्हे. कहाणी व्रताचा भाग असल्याने तिला फलश्रुती द्यावी लागते, गीतावर तशी सक्ती नाही, हा साहित्यप्रकाराचा भेद खराच. परंतु गीताने भागीरथीला ज्ञान दिले आणि त्या ज्ञानाचा उपयोग करण्याची जागा मात्र कोठेच ठेवली नाही, हे अधिक महत्त्वाचे आहे. सासर, माहेर, मैत्रीण या तिन्ही दारांशी जाऊन ती परत येते. तळे तिला ओढून नेत नाही. तळ्याशिवाय दुसरी वाट कोठे उरलेली नसते. भयस्थळाभोवतीचा सारा सुरक्षित दिसणारा भूप्रदेश येथे भयस्थळाचाच विस्तार ठरतो.

या प्रकारच्या कथा एका प्रदेशापुरत्या नाहीत. बांधकाम टिकावे म्हणून कारागिराच्या पत्नीला भिंतीत चिणल्याची गीते बाल्कन प्रदेशात विपुल आहेत. रुमानियातील मेश्टेर मानोलेची आणि ग्रीसमधील आर्ताच्या पुलाची कथा या मालिकेतील होत. ॲलन डंडीस यांनी १९९६ साली संपादित केलेल्या ग्रंथात या गीतांबरोबर भारतीय रूपांचीही चर्चा एकत्र आली आहे. अशा कथांकडे पायाभरणीच्या प्राचीन नरबळीचे अवशेष म्हणून पाहण्याचा प्रघात जुना आहे. तो कथेच्या उगमाविषयी कदाचित काही सांगेल. परंतु ती पिढ्यान्‌पिढ्या का सांगितली गेली, आणि सांगणाऱ्या बहुधा सुनाच का होत्या, या प्रश्नांना त्यात उत्तर नाही. अवशेष जपले जातात, सांगितले जात नाहीत. जे सांगितले जाते त्याला सांगणारीचा हेतू असतो.

या दोन तळ्यांच्या पार्श्वभूमीवर सोलापूरच्या तळ्याची कथा वाचली की तिचे असाधारणत्व ध्यानी येते. बाराव्या शतकातील सिद्धराम हे शरणपरंपरेतील थोर वचनकार. ‘कपिलसिद्धमल्लिकार्जुन’ ही त्यांच्या वचनांतील नाममुद्रा. तेराव्या शतकातील राघवांक या कन्नड कवीने ‘सिद्धरामचरित्र’ रचले. परंपरेत प्रचलित असलेली कथा अशी : सोन्नलिगे गावात गुरे राखणाऱ्या या मुक्या-अबोल मुलापुढे मल्लय्या नावाचा जंगम येतो, शेतातील कणसे मागतो, मग दहीभात मागतो. कोणी सांगताना त्याचा ताकभात करतात. मुलगा धावत घरी जाऊन भात आणतो, तोवर मल्लय्या नाहीसा झालेला असतो. त्याला हाका मारीत मुलगा यात्रेकरूंबरोबर श्रीशैलास जातो. तेथे त्याला लिंग दाखविले जाते. हा माझा मल्लय्या नव्हे, असे म्हणून तो रानोमाळ भटकतो आणि अखेर एका कड्यावर येऊन खालच्या दरीत देह टाकण्यास सिद्ध होतो. त्या क्षणी मल्लिकार्जुन त्याचा हात धरतो आणि परत जाऊन सोन्नलिगे हेच दुसरे श्रीशैल कर, अशी आज्ञा देतो. मंदिर आणि तळे ही त्या आज्ञेची फळे होत.

नल्लमलाच्या डोंगरांतून कृष्णा नदी खोल घळीतून वाहते. तिच्या तेथील प्रवाहाला पाताळगंगा असे नाव आहे. हे स्थळ नकाशावर आहे. तरीही कथेतील दरी ही नकाशावरील दरी नव्हे. ती येथे एका विशिष्ट कार्यासाठी आली आहे. सामान्य अद्भुतकथेत नायक भयस्थळ ओलांडतो किंवा तेथून काही वस्तू घेऊन येतो. सिद्धराम दरी ओलांडत नाही, तिच्यातून काही आणतही नाही. शिवाय ही दरी काहीच मागत नाही. तिन्ही कथांतील हे एकच भयस्थळ मुके आहे. देणे मुलाच्या मनात उपजते, आणि तो देऊ पाहतो ते दुसऱ्याचे मूल नव्हे किंवा दुसऱ्याची लेक नव्हे. तो स्वतःचा देह देऊ पाहतो. म्हणूनच बहुधा ते देणे स्वीकारले जात नाही. हात धरला जातो, आणि देहाऐवजी काम सांगितले जाते.

येथे कथेची भूरचना उलटते. दरी श्रीशैलास राहते, तळे सोन्नलिगेस होते. एक खोली निसर्गाने केलेली, दुसरी माणसांनी खणलेली. पहिलीत एकाचा जीव जाणार होता, दुसरीतून गावाचे जीव जगतात. दख्खनच्या तळ्यांभोवती आणि किल्ल्यांभोवती बळीच्या आख्यायिका सर्रास आढळतात. अशा प्रदेशात एका महत्त्वाच्या तळ्याच्या प्रसिद्ध कथेत बळी मागणारा आवाज नसावा, ही अनुपस्थिती अर्थपूर्ण मानली पाहिजे. बळीच्या जागी येथे श्रम आले आहेत. कायकाला म्हणजे अंगमेहनतीच्या कामाला मोक्षमार्गाचे स्थान देणाऱ्या शरणविचाराशी हे सुसंगतच आहे. शिळासप्तमीच्या राजाला आणि कल्लनकेरीच्या गौडाला न सुचलेला तिसरा पर्याय या कथेने उभा केला : तळे कोरडे असेल तर आणखी खणावे.

परंतु कथा या उत्तरावर समाधानाने थांबत नाही, आणि तिची प्रौढी येथेच आहे. पंधराव्या शतकापासून संकलित झालेल्या ‘शून्यसंपादने’त अल्लमप्रभू सोन्नलिगेस येतात आणि तळे खणविण्यात गुंतलेल्या सिद्धरामाला ‘ओड्ड’ म्हणजे माती-दगड फोडणारा म्हणून हिणवतात. खणणारे शिष्य चिडून त्यांच्यावर दगड फेकतात, ते त्यांना लागत नाहीत. पुढे अल्लमप्रभू सिद्धरामाला कल्याणास नेतात. या प्रसंगाचे रूढ स्पष्टीकरण असे की, बाह्य कर्मातून आंतरिक ज्ञानाकडे जाण्याचा हा टप्पा आहे. ते संप्रदायाच्या दृष्टीने ग्राह्यच आहे. कथनाच्या दृष्टीने मात्र आणखी एक गोष्ट दिसते. हिणवण्यासाठी वापरलेला शब्द हा ज्यांचे हात तळे खणत होते त्यांच्याच व्यवसायाचा आहे. बळीच्या जागी श्रम आले, परंतु श्रम कोणाचे, हा प्रश्न त्या एका शब्दाने उघडा पडतो. पुण्य एकाच्या नावावर आणि घाम अनेकांचा, हे तळ्याचे गणित अल्लमाच्या उपहासाने श्रोत्यापुढे मांडले जाते, मग तो त्याचा हेतू असो वा नसो.

दुसरा प्रश्न उत्सवातून पुढे येतो. मकर संक्रांतीच्या सुमारास सोलापुरात भरणाऱ्या सिद्धेश्वरांच्या यात्रेत सात नंदीध्वज निघतात. पहिल्या दिवशी शहराभोवतीच्या ६८ लिंगांना तैलाभिषेक होतो, भोगीच्या दिवशी अक्षता सोहळा होतो, संक्रांतीला होम होतो. या विधींमागील आख्यायिकेत एक कुंभारकन्या सिद्धरामाशी विवाहाचा हट्ट धरते. ते ब्रह्मचारी असल्याने आपल्या योगदंडाशी विवाह करण्याची तिला अनुमती देतात. अक्षता त्या विवाहाच्या. दुसऱ्या दिवशी होमात प्रतीकरूप कुंभारकन्येला अग्नी दिला जातो.

ज्या कथेने तळ्याकाठचा बळी नाकारला, तिच्याच उत्सवात एका स्त्रीचे शरीर, प्रतीकरूपाने का होईना, पुन्हा अर्पण होते. याला विसंगती म्हणून सोडून देणे सोपे आहे, आणि श्रद्धेचा उपहास करणे त्याहून सोपे. समीक्षेचे काम यांपैकी कोणतेच नव्हे. कथेने जे मागणे एका ठिकाणी मिटविले ते दुसऱ्या ठिकाणी, दुसऱ्या महाभूताच्या आधाराने, पुन्हा उमटते. पाण्याने मागितले नाही, ते अग्नीला दिले जाते. भागीरथीचे बुडणे आणि कुंभारकन्येचे जळणे यांत अंतर आहे. भागीरथी दिली जाते, कुंभारकन्या आख्यायिकेत स्वतः जाते. ‘स्वतः जाणे’ या शब्दप्रयोगात किती स्वेच्छा असते, याचे उत्तर मात्र भागीरथीने तीन दारांशी जाऊन आधीच देऊन ठेवले आहे. म्हणूनच या संहिता एकत्र वाचाव्यात. एकीच्या मौनाचा अर्थ दुसरीच्या शब्दांनी लागतो.

आधुनिक मराठी कथेत कल्पित भूप्रदेशांची परंपरा खंडित झालेली नाही. जी. ए. कुलकर्णी यांच्या ‘रमलखुणा’ (१९७५) या संग्रहातील ‘प्रवासी’ आणि ‘इस्किलार’ या दीर्घकथांत कोणत्याही नकाशावर नसलेले प्रदेश उभे राहतात. तेथे भयस्थळाशी गाठ पडते ती एकट्या माणसाची, आणि प्रश्न असतो त्याच्या नियतीचा. या एकटेपणातून मराठी कथेला अस्तित्वविषयक चिंतनाची मोठी उंची लाभली. एक गोष्ट मात्र त्या वाटेवर मागे राहिली. तळे कोणासाठी भरते आणि त्यासाठी कोणाला देऊन टाकले जाते, हा सामुदायिक प्रश्न आटपाट नगराच्या सीमेवरच थांबला. आज अद्भुतकथा लिहू पाहणाऱ्याने भयस्थळ रंगविताना केवळ काळोख आणि खोली यांचा विचार केला, तर परंपरेने हाती ठेवलेले सर्वांत धारदार साधन तो वापरीत नाही असेच म्हणावे लागेल.

भीमेवरील उजनी धरण १९८० साली पूर्ण झाले. सोलापूर जिल्ह्याच्या शेतीला पाणी मिळाले आणि जलाशयाखाली गावे गेली. उन्हाळ्यात पाणी ओसरले की पळसदेवच्या जुन्या मंदिराचे अवशेष वर येतात आणि लोक ते पाहावयास जातात. शिळासप्तमीच्या सुनेप्रमाणे त्यांच्यातील कोणी काठावर उभे राहून आपल्या वंशातील काही पाण्यात बुडाले असेल तर ते परत मिळावे असे म्हणाले, तर ते रूपक ठरणार नाही. पाणी कोणाच्या नावाने भरले हे पाणी पिणाऱ्याला ठाऊक असले पाहिजे, एवढीच त्या कहाणीची मागणी आहे. ती मागणी तळ्याची नाही, कहाणी सांगणारीची आहे.